किहीमकरांसाठी स्टफिंग

मिसिसागा
मंगळवार, १४ सप्टेंबर २०१०
पवित्र क्रुसाचा सण

प्रिय रिटा,

तुझं पार्सल काल मिळालं. काय काय आलं ते आधी लिहिते, म्हणजे तुला घोर नको.

आयचं लाल लुगडं, एक. तिची तेर्साची, जपाची माळ, एक. एक मणी फुटलेला आहे, तो आधीपासूनचा. तिचा चष्मा, घरासकट. बाटली मसाला, दोन बाटल्या. एकीचं बूच सैल झालं होतं, पण तू प्लास्टिक तिहेरी गुंडाळलं होतंस म्हणून सांडला नाही. पार्सलवर दोन हजार एकशे चाळीस रुपयांची तिकिटं होती. इथे कस्टमवाल्यांनी काही घेतलं नाही. पोस्टात जायला-यायला बसचे सहा डॉलर गेले.

चिठ्ठी नव्हती. मी खोकं दोनदा झटकलं, लुगड्याची घडी उलगडून पाहिली. नव्हती. पण पत्ता तुझ्या हातचा आहे. सव्वीस वर्षांनी तू माझं नाव लिहिलंस, खोक्यावर का होईना. म्हणून मी पत्र लिहिते आहे. तू वाच किंवा वाचू नको.

आय जूनमध्ये गेली तेव्हा मी आले नाही. सगळी वसई मला काय म्हणाली असेल ते मला इथे बसून ऐकू येतं. खरं कारण कुणाला सांगितलं नाही, ते तुला सांगते. यांची नोकरी एप्रिलमध्ये गेली होती. चार महिने पास्कल रोज सकाळी डबा घेऊन बाहेर पडायचे आणि लायब्ररीत बसून अर्ज भरायचे. तिकिटाला पैसे नव्हते आणि मागायला तोंड नव्हतं. आयचं शेवटचं सगळं तू केलंस, तुझ्या ठाण्याच्या घरात, जावई असून नंदननेही केलं, हे मला इथेच राहणाऱ्या मावशीच्या व्हिव्हियनने फोनवर सांगितलं. तेव्हा मी फोनवर नुसतं हं हं केलं.

ऑगस्टमध्ये यांना वॉनला एका मोठ्या गोदामात काम लागलं. लावून दिलं ते सॅम्युअल किहीमकर म्हणून एका माणसाने. तो तिथे सुपरवायजर आहे. लायब्ररीत यांची ओळख झाली, तोंडात मराठी, नाव सॅम्युअल, मला वाटलं आपल्यातलेच, उत्तनचे नाहीतर ठाण्याचे. काम लागलं त्या रविवारी त्यांना चहाला बोलावलं आणि मी डुकराचे सॉसेज तळून ताटभर पुढे ठेवले.

ते म्हणाले, "वहिनी, मी चहा घेतो. हे राहू द्या."

हे म्हणाले, "अरे घे, लाजतोस काय, घरचं समज."

तेव्हा ते हसायला लागले. "पास्कलभाई, नावावर जाऊ नका. आम्ही बेने इस्राएल. अलिबागकडचे यहुदी. आमच्या आजोबांचं नावही सॅम्युअल आणि ते शनिवारी बैलसुद्धा जुंपत नसत."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मी ताट उचललं तर तेच म्हणाले, "अहो राहू दे वहिनी, बघायला काही हरकत नाही."

आता ११ ऑक्टोबरला इथला आभार मानायचा दिवस आहे, थँक्सगिव्हिंग. घरोघरी टर्की भाजतात आणि तिच्याबरोबर पावाचं भरण करतात. इथे त्याला स्टफिंग म्हणतात. आपण नाताळात बदकात भरायचो तसंच, फक्त त्यांचं पांचट. मी दरवर्षी आयच्या पद्धतीने करते, डुकराचा खिमा, काळीज, बाटली मसाला, व्हिनेगर, मनुका, आणि वर लोणी. यंदा मी ठरवलं आहे की किहीमकर नवरा-बायकोला बोलवायचं आणि त्यांना चालेल अशी टर्की, चालेल असं स्टफिंग, माझ्या हातचं, माझ्या घरात वाढायचं. ज्याने आपल्याला घास दिला त्याला घास द्यायचा नाही तर आभार कसले मानायचे?

हे म्हणाले, "हॉटेलात नेऊ त्यांना. भाजी खातील, आपण सुटलो."

मी नाही म्हटलं. तेव्हा हे माझ्याकडे बघत राहिले आणि म्हणाले, "रेजिना, तू? परत?"

मी उठून भांडी घासायला लागले. पण ते कशाबद्दल बोलले ते तुला आणि मला ठाऊक आहे. ८३ च्या नाताळात तुझ्या सासूबाई पहिल्यांदा आपल्या घरी आल्या. त्या मांसाला शिवत नसत. त्यांच्यासाठी आयने बटाटा-वाटाण्याचं भरण वेगळ्या टोपात करायला सांगितलं, ते काम माझ्याकडे होतं. त्यात चमचाभर डुकराची चरबी गेली. सवयीने हात गेला, हे मी तेव्हाही सांगितलं होतं. चरबीचा डबा चुलीशीच असायचा. त्यांनी दोनदा मागून खाल्लं, मग कळलं, मग जे झालं ते झालं. मी त्याच आठवड्यात कुमसार केलं, फादरांपुढे पापाची कबुली दिली, फादरांनी पाच नमो मरिया म्हणायला सांगितल्या, मी पन्नास म्हटल्या.

एवढंच. मसाला उत्तम आहे. आयच्या हाताचा वास आहे त्याला.

रेजिना

मिसिसागा
मंगळवार, २१ सप्टेंबर

प्रिय रिटा,

मागचं पत्र अजून विमानातच असेल. तरी लिहिते, कारण रविवारी किहीमकर आले होते, आणि त्यांची बायको मिल्का काय बोलली ते डोक्यातून जात नाही.

शनिवारी त्यांचा मोठा उपास होता. त्यांच्यात त्याला दार फाळणीचा सण म्हणतात, दारं लावून बसायचा. दिवसभर पाणीसुद्धा नाही. दुसऱ्या दिवशी शिळा सण, तेव्हा ओळखीच्यांकडे जातात. तशी ती आमच्याकडे आली. पन्नाशीची आहे, अंगाने बारीक, डोळे पोलिसासारखे. मी जेवणाचं बोलावणं केलं तेव्हा तिने लगेच हो म्हटलं नाही. म्हणाली, "वहिनी, स्वयंपाकघर बघू का? राग मानू नका."

मी म्हटलं, "बघा की. लपवायचं काय आहे?"

तिने फ्रिज बघितला, भांडी बघितली, ओव्हनमध्ये डोकं घातलं. मी मागे परीक्षेला बसल्यासारखी उभी. मग टेबलाशी बसून मला एकेक सांगत गेली आणि मी वहीत लिहून घेतलं. डुक्कर नाही, हे तर आलंच. टर्की त्यांच्या खाटकाकडची, वॉनला मिळते. मांसाबरोबर दूध नाही, लोणी नाही, चीज नाही, एक थेंब नाही. पाव घेताना पाकीट वाचायचं, पुष्कळ पावांत दुधाची पावडर असते. मार्जरीन दिसतं निर्दोष, पण त्यातही दुधाचं पाणी असतं. माझी जुनी भांडी चालणार नाहीत, ॲल्युमिनियमचे नवे ट्रे आणायचे, लाकडी चमचा नवा, सुरी नवी. ओव्हनमध्ये डुक्कर भाजलेलं आहे म्हणून प्रत्येक ट्रे दोन पदरी फॉइलच्या कागदाने घट्ट झाकायचा. काळजाचं त्यांच्यात वेगळंच प्रकरण आहे, तर तिने काळीज नकोच म्हणून टाकलं.

मी विचारलं, "लोण्याशिवाय पाव मऊ कसा व्हायचा?"

ती म्हणाली, "तुम्ही वसईच्या ना? मला काय विचारता? नारळाचं दूध घाला. आम्ही मटणात दुसरं घालतो काय?"

मला हसू आलं. घरामागे चौदा माड होते आपल्या आणि मला हे सुचलं नाही.

मग तिने माझी वही मिटली आणि सरळ विचारलं, "तुमच्याकडे याआधी कधी कुणी असं जेवलंय का? ज्यांना काही चालत नाही, असं?"

रिटा, मी म्हटलं, "नाही. तुम्हीच पहिले."

हे आणि सॅम्युअल बाहेर बसले होते. यांनी ते ऐकलं. पेपराचं पान उलटायचे थांबले.

मग चहा घेताना तिच्या उपासाचा विषय निघाला. ती म्हणाली, "उपास सोपा आहे. त्याच्या आधीचं काम अवघड. वर्षभरात ज्याचं काही बिघडवलं, त्याच्याकडे जाऊन माफी मागायची. देवाचं जे आहे ते देव उपासाने माफ करतो. माणसाचं माणसाकडेच मागावं लागतं. तिथे देव मध्ये पडत नाही."

मी लगेच म्हटलं, "आमच्यात फादरला सांगतात. फादर देवाच्या नावाने माफ करतात. मिटलं."

ती म्हणाली, "ते चांगलंच आहे. पण ज्याचं बिघडवलं, त्याला कोण सांगतं?"

मी चहा ओतायला उठले. किटलीत चहा नव्हताच.

ती येणार आहे जेवायला. हो म्हणून गेली.

रेजिना

मिसिसागा
रविवार, ३ ऑक्टोबर

प्रिय रिटा,

तुझं उत्तर नाही. उत्तर यायला लागतात तेवढे दिवस झालेलेही नाहीत, ते मला समजतं. तरी रोज पेटी उघडते.

आज सकाळी चर्चमध्ये मिस्सा झाली आणि मी तालमीला लागले. एकदम टर्कीवर हात टाकायचा नाही असं ठरवलं होतं. म्हणून त्यांच्याच खाटकाकडची एक कोंबडी हे वॉनहून कामावरून येताना गुरुवारीच घेऊन आले होते. इथली साधी कोंबडी जेवढ्याला मिळते त्याच्या अडीचपट. मी पावती बघून घडी घालून डब्यात ठेवली. हे बघत होते.

कोंबडीच्या अंगावर पिसांची मुळं होती. इथल्या दुकानात कोंबडी बाळाच्या गालासारखी येते, ही आपल्या गावच्या कोंबडीसारखी आली. मला बरं वाटलं. भुवया कोरायच्या चिमट्याने एकेक मूळ काढलं. मग आपण करतो तसं केलं. मीठ-व्हिनेगर चोळून दोन तास ठेवली, वर मसाला, आत भरण. पाव दुधाशिवायचा, तीन दुकानं हिंडून सापडला. कांदा तेलात, सेलरी, बटाटा, मनुका, त्यांच्याच खाटकाचा कोंबडीचा खिमा, नारळाचं घट्ट दूध. वास असा सुटला की आमचा मुलगा कॉन्रॅड बेसमेंटमधून वर आला. पंचवीस वर्षांचा आहे, एरवी हाक मारून येत नाही.

पहिला घास त्याने घेतला आणि सरळ सिंककडे गेला. "मॉम, धिस इज द ओशन."

यांनी चाखलं. "उत्तनची खाडी," म्हणाले.

मी चाखलं. जीभ आखडली. मी मीठ मोजून घातलं होतं, माझं मीठ पस्तीस वर्षांत चुकलेलं नाही. मिल्काला फोन केला. ती ऐकून इतकी हसली की तिला फोन सॅम्युअलकडे द्यावा लागला. मग परत घेऊन म्हणाली, "अहो वहिनी, आमच्यात मांस रक्त काढायला मिठात ठेवूनच येतं. तुम्ही त्याच्यावर परत मीठ चोळलंत. मी सांगायला विसरले. आमच्या घरात हे कुणी सांगत नाही, जन्मतःच ठाऊक असतं."

कोंबडी फुकट घालवली नाही. तुकडे करून बिनमिठाच्या भाताबरोबर आमचे आम्हीच दोन दिवस खाऊ. पण तालीम झाली ते बरं. आता मला रस्ता दिसला. टर्कीला मीठ नाही, खिम्याला मीठ नाही, बटाट्याला चिमूटभर. ते नारळाचं दूध मात्र फार छान लागतं, रिटा. लोण्याला मागे टाकतं.

हे जेवताना म्हणाले, "तू एवढं का करतेस ते मला कळतं."

मी म्हटलं, "कळतं तर भात घ्या."

मिल्काला मी खोटं सांगितलं, ते अजून तसंच आहे. ती माझ्यावर भरवसा ठेवून जेवायला येते आहे आणि तो भरवसा माझ्या खोट्यावर उभा आहे. हे मी तेर्स म्हणताना विसरायचा प्रयत्न करते. विसरत नाही.

मी हे जेवण नीट करून दाखवणार आहे. कुणाला दाखवणार ते लिहीत नाही.

रेजिना

मिसिसागा
मंगळवार, १२ ऑक्टोबर

प्रिय रिटा,

काल जेवण झालं. नीट क्रमाने लिहिते, कारण मधलं एक गाळलं तर सगळंच गाळल्यासारखं होईल.

किहीमकर दीडला येणार होते. मी पाचला उठले. स्वयंपाकघर शुक्रवारपासून धुऊन ठेवलं होतं. डुकराचं जे काही होतं ते सगळं दोन पिशव्यांत बांधून व्हिव्हियनच्या फ्रीझरमध्ये पाठवलं होतं. टर्की नव्या ट्रेमध्ये, दोन पदरी कागदात झाकून, सातला ओव्हनमध्ये गेली. मग स्टफिंग केलं. नव्या सुरीने कांदा, नव्या चमच्याने ढवळणं. पावाचं पाकीट चौथ्यांदा वाचलं. टर्कीची मान आणि पेटा उकळून त्याचं पाणी घातलं, नारळाचं दूध घातलं. ट्रेला बुडाशी हात फिरवला, स्टफिंग भरलं, झाकलं, दहाला आत ठेवलं. सगळं कसं वहीत लिहिल्याप्रमाणे.

पावणेअकराला ओटा पुसताना माझ्या हाताला कागद लागला. बटरच्या वडीचं वेष्टन.

इथे बटरची वडी चांदीसारख्या कागदात येते. कागदाला आतून चिकटून थोडं बटर राहतंच. मी तो कागद टाकत नाही, पहिल्या हिवाळ्यापासून कधी टाकला नाही. घडी घालून फ्रिजच्या दारात ठेवते आणि केकचा साचा, ट्रे, तवा, काय असेल ते त्यानेच पुसते. एक वडी वाचत नाही, पण महिन्याला चार चमचे बटर वाचतं. डुक्कर मी घरातून हाकललं, दूध हाकललं, पण फ्रिजच्या दारातले ते घड्या घातलेले कागद मला जिन्नस वाटलेच नाहीत. कचरा वाटला. ट्रेला बुडाशी हात फिरवला असं वर लिहिलं ना, तो हात त्या कागदाचा होता. कधी फ्रिज उघडला, कधी कागद काढला, मला काहीही आठवत नाही.

मी कागद धरून उभी होते. कॉन्रॅड पाणी प्यायला आला. त्याला सांगितलं. तो म्हणाला, "मॉम, इट्स अ रॅपर. नोबडी विल नो."

खरं होतं ते. कुणालाही कळलं नसतं. बोटभर लांब पुसट पट्टा, वर चार पौंड स्टफिंग. मिल्काच्या पोलिसी डोळ्यांनाही दिसलं नसतं. हे माझ्याकडे बघत दारात उभे होते. मला माहीत आहे ते कशाची वाट बघत होते.

मी मिल्काला फोन लावला. म्हटलं, "मिल्काबाई, माझ्याकडून स्टफिंगच्या ट्रेला बटर लागलं. चुकून लागलं, पण लागलं. तुम्हाला ते चालणार नाही."

तिने विचारलं, "टर्की?"

"ती वेगळ्या ट्रेमध्ये. दोन कागदांत. तिला मी सातनंतर हात लावलेला नाही."

"मग तिला काही झालं नाही. पाव उरलाय?"

"अर्धा."

"मी माझा ट्रे आणि माझा पाव घेऊन निघते. तुम्ही कांदे सोला. आणि वहिनी, रडू नका, कांद्याला कमी पडेल."

सव्वाबाराला ती दारात हजर. ॲप्रन घरूनच बांधून आली होती. कागद बघायला मागितला. उजेडात धरून बघितला आणि म्हणाली, "बटरचा कागद जपून ठेवणारी बाई मी फक्त माझी सासू बघितली होती. ती गेल्यावर आम्हाला फ्रिजमध्ये चाळीस सापडले." सॅम्युअल मागून म्हणाले, "त्रेचाळीस."

बाहेर पुरुष टीव्ही लावून बसले. आम्ही दोघी ओट्याशी. ती पाव तोडत होती, मी कांदा चिरत होते. तेव्हा मी सांगितलं. म्हटलं, "मिल्काबाई, मी तुम्हाला म्हटलं होतं तुम्हीच पहिले. ते खोटं. माझ्या बहिणीच्या सासूबाई जेवल्या होत्या आमच्याकडे. मांस न खाणाऱ्या. त्यांच्या भरणात डुकराची चरबी गेली होती. माझ्या हातून."

ती पाव तोडायची थांबली नाही. "आज बटर गेलं तसं?"

मी हो म्हणायला तोंड उघडलं आणि हो येईना.

रिटा, तेच तुला लिहायला बसले आहे. काल सकाळी माझा हात खरोखर सवयीने गेला. त्यामुळे मला आता ठाऊक आहे सवयीने हात जातो म्हणजे काय होतं. काही आठवत नाही. कागद हातात सापडेपर्यंत आपल्याला पत्ता नसतो. आणि ८३ चं मला सगळं आठवतं. चरबीचा डबा चुलीशी नव्हता. आयने तुझ्या सासूबाई येणार म्हणून तो आदल्या दिवशीच माळ्यावर ठेवला होता. मी स्टूल घेतलं, वर चढले, डबा काढला. चमचा भरून घातला, ढवळलं, डबा परत वर ठेवला, स्टूल जागेवर ठेवलं. सवयीने कुणी स्टुलावर चढत नाही.

मी मुद्दाम घातली.

का, तेही लिहिते. तू कोर्टात लग्न केलंस, चर्चमध्ये नाही, आणि बा त्या महिन्यापासून लोकांना तोंड दाखवेनात. आणि तरी आय तुझ्या सासूसाठी नवा टोप विकत आणते, दोन दिवस राखेने भांडी घासते, माझ्या सासूसाठी तिने कधी वाटी बदलली नव्हती. मला वाटलं, आपलं अन्न हिला विटाळाचं, मग जाऊ दे तेच हिच्या पोटात, मरत नाही ती. असंच मनात आलं होतं, याच शब्दांत. आणि त्यांनी दोनदा मागून घेतलं, हात धुताना मला जवळ बोलावून म्हणाल्या, "पोरी, इतकं मऊ कशाने झालं गं?" त्या चांगल्या मनाने विचारत होत्या. मी सगळ्यांसमोर सांगितलं, डुकराच्या चरबीने. आणि त्यांचं तोंड बघितल्यावर मग म्हटलं, अगं बाई, सवयीने हात गेला.

त्या तीन दिवस नुसत्या पाण्यावर राहिल्या आणि पुढे मरेपर्यंत, अकरा वर्षं, तुझ्या हातचं जेवल्या नाहीत. तू एका घरात दोन स्वयंपाक केलेस. हे मला आयने सांगितलं होतं, मी ते ऐकून घेतलं होतं. कुमसारातही मी फादरना सवयीने हात गेला असंच सांगितलं. म्हणजे त्या पन्नास नमो मरियाही फुकट गेल्या. ते मी शनिवारी जाऊन इथल्या फादरना नव्याने सांगणार आहे. पण आधी तुला.

मिल्काला मी हे सगळं ओट्याशी सांगितलं. मला वाटलं ती काही धीराचं बोलेल. तिने विचारलं, "बहीण जिवंत आहे ना?"

म्हटलं, "आहे. ठाण्याला."

"मग मला कशाला सांगताय?" म्हणाली आणि नारळाच्या दुधाचा डबा माझ्याकडे सरकवला. "हे घाला. अर्धाच."

जेवण अडीचला झालं. सॅम्युअलनी स्टफिंग तीनदा घेतलं. मिल्काने जेवायच्या आधी तिचं काही म्हटलं, मग आम्ही आमचं म्हटलं. निघताना ती म्हणाली, "डिसेंबरात आमच्या दिव्यांच्या सणाला तुम्ही आमच्याकडे." मी विचारलं, "एवढं ऐकूनही?" ती म्हणाली, "तुम्ही फोन केलात. न करता येत होतं."

बटर लागलेलं स्टफिंग आमच्या घरात अजून चाललं आहे. यांना आवडलं.

आता माझं ठरलं आहे ते लिहिते. जानेवारीच्या दुसऱ्या आठवड्यात मी येते आहे. हे म्हणतात, तिकिटाचं बघू, काढू. आयच्या कबरीवर जायचं आहे, आणि तुझ्या दारात यायचं आहे. हे पत्र नंदनला वाचायला दे. आई त्याची होती. त्याने दार लावलं तर मी दाराबाहेर उभी राहून जे म्हणायचं ते म्हणून जाईन, पण मी येणार. तू माफ करावंस असं मी लिहीत नाही, ते तुझं तू ठरव, त्याला सव्वीस वर्षं लागली तरी मी मोजणार नाही.

एकच गोष्ट मला आधी कळायला हवी. तू मला तुझ्या घरी जेवायला वाढशील, की मी स्टेशनवर खाऊन येऊ? दोन्हीपैकी काहीही असलं तरी मी येणार आहे, फक्त तेवढं उलट टपाली कळव.

तुझी बहीण,
रेजिना